ताटलीतलं युरेनियम

१९३६ साली, अमेरिका मंदीतून सावरत असताना, वेस्ट व्हर्जिनियातल्या न्यूएल गावच्या होमर लाफलिन चायना कंपनीने 'फिएस्टा' नावाची भांडी बाजारात आणली. ती घडवली होती फ्रेडरिक हर्टन रीड यांनी. ना फुलं, ना सोनेरी काठ. एका ताटलीला एकच रंग: लाल, निळा, हिरवा, पिवळा किंवा हस्तिदंती. अख्खा संच घ्यायची सक्ती नव्हती. जमेल तशी एकेक ताटली आणायची आणि मनाजोगते रंग एकत्र मांडायचे.

ताटलीवर एकात एक गोल कडा आहेत. झिलई म्हणजे भांड्यावर वितळून बसलेली काचच. भट्टीत ती कडांवरून निथळते, खाचांत साचते. जिथे थर जाड तिथे रंग गडद, पातळ तिथे फिका. म्हणून एकरंगी ताटलीही सपाट, निर्जीव दिसत नाही. रीड यांचं कसब मला इथे सगळ्यात जाणवतं.

निळा रंग कोबाल्टचा. नारिंगीकडे झुकणारा तो प्रसिद्ध लाल मात्र युरेनियम ऑक्साइडचा! १९४३ मध्ये अणुबाँबच्या कामासाठी सरकारने युरेनियमवर निर्बंध आणले आणि लाल ताटल्या बंद पडल्या. १९५९ मध्ये त्या परतल्या, पण वेगळ्या युरेनियमसह. निसर्गातल्या युरेनियममध्ये युरेनियम-२३५ (युरेनियमच्याच अणूंचा एक प्रकार) जेमतेम ०.७ टक्के असतं, आणि बाँबला हवं असतं नेमकं तेच. ते बरंचसं काढून घेतल्यावर उरलेलं युरेनियम आता झिलईत पडू लागलं.

तरी रंग तसाच राहिला. समस्थानिकांमध्ये, म्हणजे एकाच मूलद्रव्याच्या अशा वेगवेगळ्या प्रकारांमध्ये, फरक असतो तो अणुकेंद्रातल्या न्यूट्रॉनच्या संख्येचा. प्रकाश शोषायचं काम बाहेरच्या इलेक्ट्रॉनांचं, आणि त्यांची मांडणी दोन्हीकडे सारखीच. बाँबच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचा फरक, झिलईच्या दृष्टीने काहीच नाही. रसायनशास्त्र आणि अणुभौतिकी यांच्यातली सीमारेषा इतकी स्वच्छ दाखवणारं दुसरं घरगुती भांडं मला माहीत नाही.

अशी ताटली कपाटात मांडून ठेवायला हरकत नाही. तिच्यात जेवू मात्र नये: लिंबू, टोमॅटो, व्हिनेगर असे आंबट पदार्थ झिलईतलं युरेनियम आणि शिसं थोडंथोडं ओढून घेतात. १९८६ पासून नव्याने निघालेल्या फिएस्टात या दोन्ही गोष्टी नाहीत.

जुन्या लाल ताटल्या आजही काही भौतिकशास्त्राच्या वर्गांत दिसतात. शिक्षक किरणोत्सर्ग टिपणारा गायगर काउंटर जवळ नेतात, आणि तो कटकट वाजू लागतो.