मानसशास्त्राचा चरित्रात्मक इतिहास

मानसशास्त्राचा चरित्रात्मक इतिहास : मानसशास्त्राची वाटचाल मानसशास्त्रज्ञांच्या आयुष्यांमधून मांडण्याची पद्धत. तिची साधने म्हणजे आत्मचरित्रे, पत्रव्यवहार, गुरुशिष्य-परंपरा, प्रयोगशाळांच्या नोंदी आणि समकालीनांच्या आठवणी. ग्रामीण विदर्भात ही पद्धत दोन वाटांनी पोहोचली : तालुक्याच्या कला महाविद्यालयांतील अभ्यासक्रमातून, आणि आत्महत्येमागची कारणे शोधणाऱ्या संशोधनातून. दुसऱ्या वाटेत मानसशास्त्रज्ञाचे चरित्र मागे पडून कास्तकाराचे आयुष्यच अभ्यासाचा विषय बनते.

आरंभाचा वाद : विल्हेल्म व्हुंट (१८३२–१९२०) यांनी १८७९ मध्ये लाइपझिग विद्यापीठात पहिली मानसशास्त्रीय प्रयोगशाळा स्थापन केली, हे विधान बहुतेक पाठ्यपुस्तकांत एका ओळीत येते. प्रत्यक्षात १८७९ हे वर्ष बरेचसे सोयीचे आहे. व्हुंट लाइपझिगला आले १८७५ मध्ये. आपली उपकरणे ठेवण्यासाठी त्यांना एक खोली लगेचच मिळाली आणि तेथे ते प्रात्यक्षिकेही दाखवीत. अमेरिकेत विल्यम जेम्स यांनीही हार्व्हर्ड येथे १८७५ च्या सुमारास अध्यापनासाठी उपकरणे मांडली होती. लाइपझिगच्या प्रयोगशाळेला विद्यापीठाची औपचारिक मान्यता मिळाली ती १८८३ मध्ये. मग १८७९ कशाचे? त्या वर्षीच्या हिवाळी सत्रात माक्स फ्रीड्रिख या विद्यार्थ्याने त्या खोलीत स्वतंत्र संशोधन सुरू केले व पुढे त्यावर पदवी मिळवली. उपकरणांची खोली मोजली तर १८७५, विद्यार्थ्याचे संशोधन मोजले तर १८७९ आणि सरकारी कागद मोजला तर १८८३, असा हा हिशेब आहे. संशोधनाला प्रमाण मानणारे मत अधिक ग्राह्य वाटते. मात्र त्यामुळे व्हुंट ‘एकमेव जनक’ ठरत नाहीत. गुस्टाफ फेख्नर यांचा मनोभौतिकीवरील (उद्दीपन व संवेदन यांचे नाते मोजणाऱ्या शास्त्रावरील) ग्रंथ १८६० मध्येच प्रसिद्ध झाला होता. डोळ्यांच्या प्रयोगांत सूर्याकडे पाहून दृष्टी बिघडल्याने फेख्नर यांना भौतिकशास्त्राचे अध्यासन सोडावे लागले. आजारपणाच्या त्या दीर्घ काळानंतर, २२ ऑक्टोबर १८५० च्या सकाळी, मन व शरीर यांचे नाते संख्येत मांडण्याची कल्पना आपल्याला सुचली, असे त्यांनी स्वतः नोंदवले आहे.

१८७९ ला प्रतिष्ठा मिळण्यामागेही एक गुरुशिष्य-परंपरा आहे. एडवर्ड टिचनर यांनी लाइपझिगला व्हुंट यांच्या हाताखाली पदवी घेतली, आणि अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठात एडविन बोरिंग हे टिचनर यांचे विद्यार्थी झाले. बोरिंग यांचा प्रायोगिक मानसशास्त्राचा इतिहास १९२९ मध्ये निघाला, त्याची दुसरी आवृत्ती १९५० मध्ये आली आणि पुढील अनेक पिढ्यांनी इतिहास त्याच्यातूनच वाचला. त्यात दिसणारे व्हुंट हे मुख्यतः टिचनर यांच्या चष्म्यातले, अंतर्निरीक्षणाचा (आपल्या मनातील अनुभव स्वतःच न्याहाळून नोंदवण्याचा) हट्ट धरणारे व्हुंट आहेत. भाषा, मिथके व रूढी यांवर त्यांनी आयुष्याच्या अखेरच्या दोन दशकांत लिहिलेले दहा खंड या चित्रात जवळजवळ हरवले. १९७० च्या दशकापासून आर्थर ब्लुमेन्थाल, कुर्ट डान्झिगर प्रभृतींनी मूळ जर्मन लेखनाकडे परत जाऊन हे चित्र दुरुस्त केले. आज त्यांचेच मत साधार मानावे लागते. शिष्याने लिहिलेले चरित्र मोलाचे असते, पण ते दुसऱ्या साक्षीशी ताडून घ्यावे लागते, हे या प्रकरणाइतके स्पष्टपणे क्वचितच दिसते.

चरित्र : पुरावा आणि धोका : हेर्मान एबिंगहाउस (१८५०–१९०९) यांनी स्मरणाचे प्रयोग केले ते स्वतःवरच. सुमारे २,३०० निरर्थक शब्दावयव तयार करून ते पाठ करायचे, काही वेळाने पुन्हा पाठ करायचे आणि किती श्रम वाचले ते मोजायचे, अशी त्यांची रीत होती. सुमारे २० मिनिटांनी ५८ टक्के, तर एका दिवसानंतर ३४ टक्के श्रम वाचत. हे निष्कर्ष १८८५ मध्ये प्रसिद्ध झाले. येथे प्रयोगकर्त्याचे दैनंदिन आयुष्य हाच प्रयोग असल्याने चरित्र आणि शास्त्र वेगळे काढता येत नाही.

ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ सिरिल बर्ट (१८८३–१९७१) यांचे उदाहरण याच्या उलट टोकाचे आहे. वेगवेगळे वाढलेल्या एकरूप जुळ्यांच्या बुद्धीवरील त्यांच्या लेखांत जोड्यांची संख्या २१ वरून ५३ पर्यंत वाढली, तरी सहसंबंध गुणक (जुळ्यांची बुद्धी एकमेकांशी किती जुळते याचे माप) ०.७७१ हाच राहिला. लिऑन कामिन यांनी १९७४ मध्ये ही विसंगती जोरकसपणे मांडली. बर्ट यांच्या स्मृतिसभेत गौरवपर भाषण करणारे लेस्ली हर्नशॉ यांच्याकडेच बर्ट यांच्या बहिणीने चरित्रलेखन सोपवले होते. रोजनिश्या व पत्रे तपासल्यावर १९७९ मध्ये हर्नशॉ यांनी आकडेवारी बनावट असल्याचा निष्कर्ष काढला. १९८९ नंतर काही अभ्यासकांनी बर्ट यांची बाजू घेतली. त्यांचे काही आक्षेप रास्त असले, तरी ०.७७१ चे समाधानकारक स्पष्टीकरण त्यातून मिळत नाही. आदराने हाती घेतलेले चरित्र कागदपत्रांपुढे नमते घेते, ही या पद्धतीची सर्वांत मोठी मिळकत समजावी.

मेरी कॅल्किन्स यांनी हार्व्हर्ड येथे पदवीच्या सर्व अटी पूर्ण केल्या. स्त्री असल्यामुळे पदवी नाकारली गेली. १९०५ मध्ये त्या अमेरिकन मानसशास्त्रीय संघटनेच्या पहिल्या महिला अध्यक्ष झाल्या.

भारतातील परंपरा : कलकत्ता विद्यापीठातील प्रायोगिक मानसशास्त्राचा विभाग नरेंद्रनाथ सेनगुप्त यांनी सुरू केला. याचे वर्ष काही ठिकाणी १९१५, तर काही ठिकाणी १९१६ असे दिले जाते. सेनगुप्त हार्व्हर्डला ह्यूगो म्युन्स्टरबर्ग यांच्याकडे शिकले होते आणि म्युन्स्टरबर्ग हे व्हुंट यांचे विद्यार्थी. म्हैसूरचा विभाग १९२४ मध्ये एम. व्ही. गोपालस्वामी यांनी उभारला. त्यांचे लंडनमधील गुरू चार्ल्स स्पिअरमन यांनीही सैन्यातली नोकरी सोडून लाइपझिगलाच पदवी घेतली होती. म्हणजे देशातल्या दोन्ही आरंभीच्या प्रयोगशाळांची वंशावळ एकाच गावी जाऊन थांबते. गिरींद्रशेखर बोस (१८८७–१९५३) मात्र या वंशावळीत बसत नाहीत. या कलकत्त्याच्या डॉक्टरांनी दमनावरील (नकोशा इच्छा नेणिवेत दाबून टाकण्यावरील) आपला प्रबंध सिग्मंड फ्रॉइड यांना पाठवला, १९२२ मध्ये भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन केली आणि फ्रॉइड यांच्याशी दीर्घकाळ पत्रव्यवहार केला. दोघांची भेट कधीच झाली नाही. विरुद्ध इच्छांच्या जोडीचा आपला सिद्धान्त बोस यांनी त्या पत्रांतही सोडला नाही.

ग्रामीण विदर्भ : आयुष्याच्या आठवणी साक्षीदारांकडून गोळा करण्याची रीत या भूमीला नवी नाही. अमरावती जिल्ह्यात मोर्शी तालुक्यातील रिद्धपूर येथे म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या लीळा त्यांच्या सहवासातील माणसांना विचारून संकलित केल्या. हे काम सामान्यतः शके १२०० च्या आसपासचे, म्हणजे इ. स. तेराव्या शतकाच्या अखेरच्या चरणातले मानतात. मूळ प्रत नष्ट झाल्यावर संहिता स्मरणातून पुन्हा सिद्ध केली गेली अशी परंपरा आहे, आणि उपलब्ध प्रतींत पाठभेद आढळतात. आधुनिक चरित्रपद्धतीचा हा पूर्वज म्हणता येणार नाही. हेतू भक्तीचा होता. तरीही, ऐकलेली आठवण सांगणाऱ्यागणिक कशी बदलते याचे इतके जुने मराठी साधन दुसरे नाही.

महाविद्यालयीन अभ्यासक्रम आधी नागपूर विद्यापीठाच्या (१९२३) छत्राखाली आला. पुढे अमरावती (१९८३) व गडचिरोलीचे गोंडवाना (२०११) ही विद्यापीठे झाली. शेताच्या कामातून वेळ काढून बसने तालुक्याला येणारा बी. ए.चा विद्यार्थी व्हुंट आणि एबिंगहाउस यांना प्रथम भेटतो तो प्रात्यक्षिकाच्या वहीत. आरसा-रेखनाच्या प्रयोगात समोर पाटी आडवी असते, हात थेट दिसत नाही आणि आरशात पाहून ताऱ्याच्या दोन रेघांमधून पेन्सिल फिरवायची असते. कोपऱ्यावर हात उलट दिशेला ओढला जातो, रेघ बाहेर जाते, शेजारचा जोडीदार वेळ व चुका लिहून घेतो. प्रयोग संपल्यावर प्रयुक्ताने (ज्याच्यावर प्रयोग झाला त्याने) आपला अंतर्निरीक्षण अहवाल लिहायचा असतो. ‘मध्येच राग आला, हात ऐकत नव्हता’ अशा वाक्यांतून लाइपझिगची रीत वऱ्हाडात आजही जिवंत आहे. अध्यापनात मात्र चरित्रे जन्म-मृत्यूच्या सनावळीत आटोपली जातात. ही मोठी हानी आहे, कारण सूर्याकडे पाहून दृष्टी बिघडवून घेतलेला फेख्नर विद्यार्थ्याला सूत्रापेक्षा लवकर कळतो.

दुसरी वाट मानसशास्त्रीय शवचिकित्सेची. मृताचे आयुष्य नातेवाईक, शेजारी व कागदपत्रे यांच्या आधारे पुन्हा उभे करायचे, ही तिची पद्धत. तिचे श्रेय सहसा लॉस एंजेलिसचे एडविन श्नाइडमन (१९१८–२००९) व त्यांचे सहकारी यांना दिले जाते. १९४९ मध्ये मृत्यु-अन्वेषकाच्या (संशयास्पद मृत्यूंची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याच्या) दप्तरात श्नाइडमन यांना आत्महत्येपूर्वीच्या चिठ्ठ्यांचा मोठा साठा सापडला आणि त्यांचे पुढचे आयुष्य याच विषयाला वाहिले गेले. सेंट लुइस येथे ईलाय रॉबिन्स यांनीही १९५० च्या दशकात १३४ आत्महत्यांचा असाच पद्धतशीर अभ्यास केला. नाव श्नाइडमन यांच्या गटाचे, पण सलग नमुन्यावरील (एकामागून एक आलेल्या सर्व प्रकरणांवरील) अभ्यास आधी रॉबिन्स यांचा, अशी विभागणी योग्य ठरेल. वर्धा परिसरातील शेतकरी आत्महत्यांच्या अभ्यासात ही पद्धत वापरली गेली आहे. ओसरीवर बसून घरच्यांशी बोलताना कर्ज, नापिकी, मुलीचे लग्न, दारू, आजार असे सगळे एकात एक गुंतून येते. सांगणाऱ्याची आठवण दुःखाने आकार घेतलेली असते, म्हणून एकाच घरातील दोघांचे कथन वेगवेगळे नोंदवणे आवश्यक असते. एकच कारण शोधणारे निष्कर्ष या पद्धतीने टिकत नाहीत.

जिवंत माणसांसाठीचे काम याच प्रदेशात झाले. अमरावती जिल्ह्यातील ३० गावांत राबवलेल्या ‘विश्राम’ प्रकल्पात गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी घरोघरी बोलून नैराश्य ओळखण्याचे व समुपदेशनाचे काम केले. नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणाऱ्यांचे प्रमाण ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेल्याचे २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मूल्यमापनात आढळले. ‘लय टेन्शन हाय’ एवढ्या शब्दांत सांगितलेले दुखणे ऐकून घेणाऱ्या आणि पुढे उपचारापर्यंत नेणाऱ्या या गावकरी कार्यकर्त्यांची चरित्रे या विषयाच्या इतिहासात लिहिली जाण्यास पात्र आहेत.