वाटाण्याची वेल आणि एका मिनिटाचा हिशेब

दादासाहेब फाळके १९१२ मध्ये लंडनहून परतले तेव्हा हाताशी विल्यमसन कॅमेरा होता, पैसा मात्र नव्हता. कर्ज देणाऱ्याला काहीतरी हलतं-चालतं दाखवणं भाग होतं. नट नाहीत, नेपथ्य नाही. मग त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले आणि त्यावर कॅमेरा रोखला. ‘अंकुराची वाढ’ ही ती मूक चित्रफीत. बी रुजतं, कोंब वर येतो, त्याची वेल होते आणि हे सगळं मिनिटभरात! तिच्या जोरावर कर्ज मिळालं आणि पुढच्याच वर्षी ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला.

ही गोष्ट सांगताना ‘महिनाभर रोज एक फ्रेम’ असं हमखास म्हटलं जातं. पण हिशेब करून पाहा. मूकपटात सेकंदाला साधारण १६ चित्रं सरकत. म्हणजे ३० फ्रेम दोन सेकंदांच्या आतच संपल्या. मिनिटभरासाठी ९६० हव्यात, दिवसाला ३२.

त्या काळच्या कॅमेऱ्याचा दांडा एकदा फिरवला की सहसा ८ फ्रेम टिपल्या जात. रोज चार फेरे मारले की ३२ झाल्या. फक्त अशा फितीत रोप दोन सेकंद गप्प उभं राहील आणि मग टुणकन वाढेल. याच ३२ फ्रेम बारा तासांच्या उजेडात वाटल्या, तर साडेबावीस मिनिटांनी एक येते. वाढ सलग दिसते, रात्रीची उडी तेवढी उरते.

फरक नुसता देखणेपणाचा नाही. वाटाण्याचे तणावे आधार शोधत हवेत गोल फिरतात आणि एक फेरी काही तासांत पुरी करतात. दिवसातून एकदाच बघणाऱ्या कॅमेऱ्याला हे फिरणं दिसणारच नाही. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी १९०० च्या आसपास लाइपझिगमध्ये याच तंत्राने वनस्पतींच्या हालचाली टिपल्या होत्या, पण ते प्रयोगशाळेत.

फाळक्यांकडे घर होतं आणि घरात मुलंबाळं. तिथे महिनाभर कॅमेरा तसूभरही न हलू देणं, हे मला दांडा फिरवण्यापेक्षा अवघड वाटतं. शिवाय उजेड! ढग आला की फ्रेम काळवंडते, ऊन पडलं की उजळते आणि पडद्यावर सगळं लुकलुकतं. त्यावर इलाज: ठरावीक अंतराने टिपायचं, पण प्रत्येक वेळी एकसारख्या प्रकाशात.