बिनविरोध ग्रामपंचायत: दुपारी तीनचा हिशेब

गाव ज्याला ‘बिनविरोध’ म्हणते, त्याला निकालाच्या सरकारी कागदावर ‘अविरोध’ म्हणतात. शब्द सारखेच वाटतात, पण दोघांच्या मनातला अर्थ वेगळा आहे. गावाच्या लेखी बिनविरोध म्हणजे पारावर बैठक झाली, भावकीतले रुसवे निघाले, सगळ्यांनी मिळून माणसे ठरवली. नियमाला यातले काहीच ठाऊक नाही. माघारीच्या शेवटच्या दिवशी दुपारी तीन वाजता जागा किती आणि अर्ज किती उरले, एवढेच तो मोजतो. आकडे जुळले की निवडणूक निर्णय अधिकाऱ्याने उमेदवार निवडून आल्याचे जाहीर करायचे. अर्ज कमी पडले तर आहेत तेवढे निवडून आले, उरलेली जागा रिकामी, तिच्यासाठी पुढे पोटनिवडणूक. ज्याने अर्ज मागे घेतला त्याने तो का घेतला, हा प्रश्न त्या टेबलावर विचारलाच जात नाही.

म्हणून माघारीच्या दिवशी तहसील कचेरीच्या आवारात जी धावपळ असते ती मतदानाच्या दिवशीही नसते. अडीच वाजून गेलेत, एक अर्ज अजून निघालेला नाही, उमेदवाराचा फोन लागत नाही, त्याच्या मेहुण्याला घेऊन एक गाडी शेताकडे पिटाळलेली. तीनच्या आत तो आला आणि त्याने सही केली, तर संध्याकाळी गावात गुलाल. पाच मिनिटे उशीर झाला तर चिन्हवाटप आणि आठ-दहा दिवस प्रचार.

ही रीत जुनी आहे. 1920 आणि 1933 च्या मुंबई इलाख्यातल्या कायद्यांपर्यंत मागे जाण्याची गरज नाही. आजचा पाया 1958 चा ग्रामपंचायत अधिनियम आणि त्याखालचे 1959 चे निवडणूक नियम. ‘एक जागा, एकच उमेदवार, मतदान नको’ हे सूत्र 1951 च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यातही, कलम 53 मध्ये आहे. त्यामागे खर्च वाचवण्यापलीकडचे तत्त्वज्ञान शोधू नये.

गुंता वाढला तो प्रभाग आणि आरक्षणाने. गाव 7 ते 17 सदस्यांचे, प्रभागात दोन-तीन जागा, आणि प्रत्येक जागेचा प्रवर्ग वेगळा. अविरोधाची मोजणी जागेनिहाय होते, गावानिहाय नाही. जानेवारी 2021 चेच उदाहरण घ्या. 14,234 ग्रामपंचायतींचा कार्यक्रम जाहीर झाला, प्रत्यक्ष मतदान ठरले 12,711 ठिकाणी, आणि अविरोध निवडून आलेले सदस्य 26,718. मतदान टळलेल्या सगळ्या 1,523 गावांत कमाल 17 सदस्य धरले तरी बेरीज 25,891 च होते. म्हणजे उरलेले नक्कीच अशा गावांतले, जिथे एका प्रभागात गुलाल उधळला गेला आणि शेजारच्या प्रभागात हाणामारीची लढत झाली. पेपरात मात्र ‘बिनविरोध गावे’ एवढेच येते.

त्याच निवडणुकीतली दोन गावे या विषयाचा खरा वाद आहेत. नाशिक जिल्ह्यातले उमराणे आणि नंदुरबार जिल्ह्यातले खोंडामळी. दोन्हीकडे पदांचा लिलाव झाल्याच्या बातम्या आल्या. उमराण्यात बोली 2 कोटी 5 लाखांपर्यंत गेल्याचे आणि पैसा देवळाच्या कामाला जाणार असल्याचे सांगण्यात आले, खोंडामळीत आकडा 42 लाखांचा होता. गंमत म्हणजे सरपंचपदाची सोडत त्या खेपेला निकालानंतर निघायची होती. पद कोणत्या प्रवर्गाला जाणार हे ठरायच्या आधीच बोली लागली!

गावकऱ्यांच्या बाजूने एक गोष्ट म्हणायला हवी. जत्रेत पालखीच्या पहिल्या खांद्याचा मान बोलीने देणे कित्येक गावांत चालते आणि तो पैसा देवाच्या कामाला लागला की कुणाला वावगे वाटत नाही. लिलावाचे व्याकरण तिथलेच. पण पालखीच्या मानामुळे कुणाचे मत जात नाही, इथे ते जाते.

राज्य निवडणूक आयोगाने मतदानाच्या दोन दिवस आधी दोन्ही ठिकाणची प्रक्रिया रद्द केली आणि गुन्हे नोंदवण्याचे आदेश दिले. पुढे तिथे नव्याने निवडणूक घ्यावी लागली. कायद्याच्या अभ्यासकांना खटकते ते इथे. अर्ज नियमाप्रमाणे भरले, माघार नियमाप्रमाणे झाली, मग नियमाबाहेरच्या कारणाने निवडणूक रद्द कशी? उत्तर 73 व्या घटनादुरुस्तीत सापडते. 1993 पासून लागू झालेल्या अनुच्छेद 243-ट ने या निवडणुकांचे अधीक्षण, संचालन आणि नियंत्रण स्वतंत्र यंत्रणेकडे, म्हणजे याच आयोगाकडे, दिले. नियम गप्प असेल तिथे हा अधिकार बोलतो. प्रस्तुत लेखकाला तो निर्णय योग्यच वाटतो, फक्त लिलावाची चित्रफीत बाहेर आली नसती तर तो झाला असता का, ही शंका उरते.

बक्षिसांचे प्रकरण त्याच्या शेजारचेच. गुजरातने 2001 पासून ‘समरस’, म्हणजे बिनविरोध निवड करणाऱ्या, गावांना सरकारी तिजोरीतून अनुदान दिले. महाराष्ट्रात 2020 च्या अखेरीस नगर जिल्ह्यातल्या एका आमदारांनी बिनविरोध गावाला 25 लाखांचा निधी देऊ केला आणि इतरांनीही आकडे जाहीर केले. बोली गावातल्याने लावली तर गुन्हा, बाहेरच्याने लावली तर विकास, असा हा प्रकार. त्याच जिल्ह्यातल्या हिवरे बाजारला तीस वर्षे मतदान झाले नव्हते; 2021 मध्ये तिथेही पॅनेल उभे राहिले आणि मतदान झाले.

2017 मध्ये सरपंच थेट जनतेतून आला, 2020 मध्ये ती तरतूद गेली, 2022 मध्ये परत आली. त्यामुळे पूर्ण बिनविरोध व्हायला आता सगळ्या प्रभागांबरोबर अख्ख्या गावाच्या एका पदावरही एकच अर्ज उरावा लागतो. ‘नोटा’ 2013 पासून आहे, पण यंत्रच लागले नाही तर ते बटण दाबणार कुठे? लोकसभा-विधानसभेपुरता हाच मुद्दा सर्वोच्च न्यायालयापुढे गेला आहे. गावपातळीवर उपाय एकच: 1958 च्या अधिनियमाच्या कलम 15 खाली, निकालापासून 15 दिवसांत, दिवाणी न्यायाधीशाकडे अर्ज. तो कुणाही मतदाराला करता येतो. बैठकीला जो स्वतः हजर होता, तो सहसा करत नाही.