चलच्चित्रण, वैज्ञानिक व औद्योगिक

संशोधन, अध्यापन आणि कारखान्यातील प्रशिक्षण यांसाठी केलेले चलच्चित्रण. कथापटात कॅमेऱ्याची गती परिणामासाठी बदलतात. येथे ती मोजमापाचाच भाग असते. सेकंदाला किती चौकटी (फ्रेम) घेतल्या हे नोंदवलेले नसेल, तर अत्यंत सुंदर चित्रणही पुरावा म्हणून कुचकामी ठरते.

उगमाविषयी मतभेद आहेत. फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ प्येर झान्सेन यांनी १८७४ च्या शुक्राच्या अधिक्रमणासाठी (सूर्यबिंबावरून शुक्र सरकताना दिसण्याच्या घटनेसाठी) जपानमध्ये ‘छायाचित्रण-पिस्तूल’ नेले. त्याच्या फिरत्या चकतीवर ७२ सेकंदांत ४८ प्रतिमा उमटत; मात्र उपलब्ध चकती अधिक्रमणाची नसून सरावाची असावी, असे काही अभ्यासक मानतात. छायाचित्रकार एडवर्ड मायब्रिज यांच्या धावत्या घोड्याच्या १८७८ च्या चित्रमालिकेत कॅमेऱ्यांचे दोरे घोड्याच्याच पायांनी ओढले जात, त्यामुळे दोन प्रतिमांमधला काळ समान धरता येत नाही. फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ एत्येन-झ्यूल मारे यांच्या १८८२ च्या छायाचित्रण-बंदुकीत सेकंदाला १२ प्रतिमा ठरावीक अंतराने मिळत आणि पक्ष्याच्या पंखांची हालचाल हाच अभ्यासविषय होता. या दोन्ही कारणांनी तंत्राचा आरंभ मारे यांच्यापासून मानणे अधिक सयुक्तिक वाटते. वनस्पतींच्या वाढीचे टाइम-लॅप्स चित्रण (बऱ्याच अंतराने एकेक चौकट घेऊन नेहमीच्या गतीने दाखवणे) जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ व्हिल्हेल्म फेफर यांनी १९०० च्या सुमारास लाइपसिकमध्ये केले. झाँ कोमांदाँ यांचे सूक्ष्मजंतूंचे चित्रण १९०९ चे.

टाइम-लॅप्समध्ये दर १५ मिनिटांना एक चौकट घेतली, तर सेकंदाला २४ चौकटींच्या प्रक्षेपणात कळीचे चार दिवस १६ सेकंदांत उलगडतात. अडचण प्रकाशाची असते. दिवा सतत एका बाजूने जळत राहिला तर रोप त्याकडे वळते आणि चित्रणच निरीक्षणात ढवळाढवळ करते. म्हणून चित्रणाचा दिवा कॅमेऱ्याच्या झडपेबरोबरच (शटर) क्षणभर लागतो व विझतो. सूक्ष्मदर्शकाखालील सजीव पेशी दिव्याच्या उष्णतेने मरू नयेत यासाठी मध्ये उष्णता शोषणारी काच किंवा पाण्याचे पात्र ठेवतात. कॅमेरा स्वतंत्र आधारावर बसवतात, नाहीतर मोटरचा कंप प्रतिमेत उतरतो.

अतिवेगवान चित्रणात फिल्म थांबत-थांबत नेणे शक्य नसते. ती अखंड धावते आणि फिरता लोलक (काचेचा प्रिझम) प्रतिमेला तिच्याबरोबर सरकवतो. १६ मिमी. फिल्मच्या १०० फुटी गुंडाळीत सुमारे ४,००० चौकटी मावतात. सेकंदाला हजारो चौकटींच्या गतीने ती एक-दोन सेकंदांत संपते. त्यामुळे कॅमेरा केव्हा सुरू करावा हेच खरे कसब.

कारखान्यात कामाच्या हालचालींचे अमेरिकन अभ्यासक फ्रँक गिल्ब्रेथ यांनी १९१० च्या दशकात कामगाराशेजारी सूक्ष्म कालमापक घड्याळ ठेवून चौकटीतच वेळ नोंदवली. यंत्रांच्या चित्रणात भ्रम टाळावा लागतो : सेकंदाला ६ फेरे घेणारे चार आऱ्यांचे चाक २४ चौकटींच्या चित्रणात स्थिर दिसते. अंकीय कॅमेऱ्यांपैकी ओळीओळीने प्रतिमा टिपणाऱ्यांत वेगवान पाती वाकडी दिसतात. मापनासाठी संपूर्ण चौकट एकाच वेळी टिपणारे संवेदक वापरतात.