माळ एकाची, चूल घराची

आमच्या परभणीकडं घरात कुणी माळ घातली की पहिला बदल चुलीपाशी दिसतो. मटणाचं भगोनं वेगळं निघतं आणि ते शिजवायला मागच्या अंगणात तीन दगडांची चूल मांडली जाते. वाटलेला मसालासुद्धा दोन वाट्यांत जातो. श्रद्धा एकाची बदलते, पण तिच्या सोयीनं सगळं घर हलतं.

नव्या धार्मिक पंथांचा अभ्यास करणाऱ्या समाजशास्त्रज्ञांनाही शेवटी घराच्या उंबऱ्याशीच यावं लागलं. 1970 च्या दशकात अमेरिकेत तरुण मुलं भराभर नव्या पंथांत जाऊ लागली. ‘पोरगं नादी लागलं, कुणीतरी डोकं फिरवलं’ हे आपल्याकडचं वाक्य तिथल्या आईबापांच्याही तोंडी होतं. काहींनी तर माणसं लावून स्वतःच्याच मुलांना पळवून आणलं, खोलीत कोंडलं.

डोकं खरंच फिरवलं जातं का, हे लंडनच्या समाजशास्त्रज्ञ आयलीन बार्कर यांनी तपासलं. 1979 मध्ये लंडन परिसरात युनिफिकेशन चर्च या अशाच एका नव्या पंथाच्या शिबिरांना गेलेल्या हजारावर लोकांचा त्यांनी माग काढला. नव्वद टक्क्यांच्या आसपास लोक पंथात गेलेच नाहीत. जे गेले त्यांतलेही बरेच दोन वर्षांत आपण होऊन बाहेर पडले. डोकं फिरवण्याचा हुकमी उपाय असता, तर इतकी माणसं निसटली नसती.

मग माणूस जातो कशामुळं? जॉन लॉफलंड आणि रॉडनी स्टार्क या समाजशास्त्रज्ञांनी 1965 मध्ये याच पंथाच्या सुरुवातीच्या अनुयायांवरून दाखवलं, की आतल्या माणसांशी जीव जडतो आणि बाहेरची नाती सैल पडलेली असतात, तेव्हा माणूस वळतो. प्रवचनाचा नंबर बहुतेक वेळा त्यानंतर लागतो. म्हणूनच ‘परत तोंड दाखवू नकोस’ म्हणणाऱ्या बापाची मला काळजी वाटते. उरलेला धागा तोच तोडत असतो.

या सगळ्यात सर्वांत कमी बोलतात ती मुलं. त्यांनी पंथ निवडलेला नसतो. 1966 मध्ये न्यूयॉर्कला सुरू झालेल्या इस्कॉनमध्ये भक्तांची मुलं लहानपणीच निवासी गुरुकुलांत ठेवली जात आणि आईवडील प्रचाराला, पुस्तकं विकायला मोकळे होत. त्यांतल्या कित्येक मुलांचे हाल झाले. समाजशास्त्रज्ञ बर्क रोचफर्ड यांनी ते अभ्यासून मांडलं आणि 1998 मध्ये ते संस्थेच्याच नियतकालिकात छापून आलं. पुढं तिथली सामूहिक राहणी ओसरली, भक्त आपापल्या घरी बिऱ्हाड करून राहू लागले.

आपल्याला हे परकं वाटू नये. पैठणजवळच्या आपेगावच्या विठ्ठलपंतांनी संन्यास घेतला, गुरूंच्या सांगण्यावरून ते संसारात परतले, अशी परंपरेतली कथा आहे. वाळीत मात्र त्यांच्या चार लेकरांनाही पडावं लागलं. ‘संन्याशाची पोरं’ हा शब्द त्यांना बापाच्या निर्णयातून मिळाला.

बायकांचंही तसंच. नवऱ्यानं माळ घातली, तर मांसाहार त्यानं सोडलेला असतो. घरातल्या बाकीच्यांसाठी मागच्या चुलीवर कोरड्यास शिजवायचं, मग हातपाय धुऊन, लुगडं बदलून आत त्याच्यासाठी वेगळी भाजी टाकायची, हे सगळं तीच करते. पंथांचा अभ्यास करणारा कुणी आमच्याकडं आला, तर त्याला मी देवघराच्या आधी मागच्या अंगणात नेईन.