नाटकातलं गाणं, तेरा मिनिटं एक्केचाळीस सेकंद

अमेरिकन जॅझवादक जॉन कोल्ट्रेनच्या सॅक्सोफोनवर 'माय फेवरिट थिंग्ज' पहिल्यांदा ऐकलं की आपल्यापैकी बहुतेकांच्या डोळ्यांसमोर सिनेमाच येतो. बाहेर गडगडाट, पलंगावर गोळा झालेली मुलं आणि त्यांची भीती घालवायला गाणारी ज्युली अँड्र्यूज. मग वाटतं, कोल्ट्रेनने गाणं तिथूनच उचललं असणार. पण तारखा उलट्या आहेत. 'द साउंड ऑफ म्युझिक' हा सिनेमा १९६५ चा, आणि कोल्ट्रेनचं ध्वनिमुद्रण २१ ऑक्टोबर १९६० चं. त्याच्यासमोर होतं ते सिनेमाच्याच नावाच्या मूळ नाटकातलं गाणं, तेही जेमतेम अकरा महिन्यांचं.

ते नाटक ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या नाट्यगृहांच्या वस्तीत, १६ नोव्हेंबर १९५९ रोजी लागलं. चाली रिचर्ड रॉजर्सच्या, शब्द ऑस्कर हॅमरस्टाइनचे. नाटकात हे गाणं वादळाच्या प्रवेशात नाहीच. मठातली मारिया आणि मठाची प्रमुख, अशा दोघी ते गातात. वादळात मुलांना रमवायला तिथे बकऱ्या राखणाऱ्याचं गाणं आहे. सिनेमावाल्यांनी जागा बदलल्या आणि नवीच जागा जगाच्या लक्षात राहिली. हॅमरस्टाइनने तो सिनेमाही पाहिला नाही आणि कोल्ट्रेनची तबकडीही ऐकली नाही. ऑगस्ट १९६० मध्ये तो गेला होता.

गाण्यात आहे काय, तर एक यादी. गुलाबावरचे थेंब, मांजराच्या मिशा, दोऱ्याने बांधलेली पुडकी. चाल तीनच्या ठेक्यात घोळत राहते. पहिली दोन कडवी मायनरमध्ये, म्हणजे आपल्या भाषेत कोमल गंधारावर. तिसऱ्यात गंधार शुद्ध होतो आणि एकदम ऊन पडल्यासारखं वाटतं. मग कुत्रं चावतं, माशी डसते तो शेवटचा तुकडा येतो आणि मनाची समजूत घालून गाणं संपतं. मला विचाराल तर रॉजर्सची ही काही सर्वांत देखणी चाल नव्हे. पण तिच्यात मोकळी जागा भरपूर आहे.

जॅझवाल्यांना नाटकाच्या गाण्यांचं वावडं कधीच नव्हतं. उलट त्यांचा निम्मा शिधा तिथूनच यायचा. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्रॉडवेवर गाजलेल्या गाण्याची छापील स्वरलिपी घरोघरी, हॉटेलांच्या वाद्यवृंदांत पोचायची. बत्तीस मापांचा, म्हणजे ठेक्याच्या बत्तीस आवर्तनांचा ठरलेला साचा, सर्वांच्या बोटांवर बसलेला. अनोळखी चौघे रात्री एका मंचावर आले तरी नुसतं गाण्याचं नाव आणि पट्टी सांगून सुरू करू शकायचे. अशा सामाईक मालाला 'स्टँडर्ड' म्हणतात. नाटक कोसळलं, विस्मरणात गेलं, तरी गाणं वाजत राहतं.

कोल्ट्रेनच्या त्या तबकडीवर चारच गाणी आहेत आणि चारही रंगभूमीवरची. दोन गर्शविनची, एक कोल पोर्टरचं. पण ती तिन्ही तेव्हा पंधरा ते तीस वर्षं जुनी, मुरलेली. कालपरवाचं होतं ते हेच एक.

१९६० मध्येच कोल्ट्रेन ट्रम्पेटवादक माइल्स डेव्हिसच्या ताफ्यातून बाहेर पडला होता. हातात नवं वाद्य होतं, सोप्रानो सॅक्सोफोन. जुन्या पिढीतल्या सिडनी बेशेनंतर ते फारसं कुणी हाताळत नव्हतं. त्याचा आवाज नाकातला, किंचित चिरका. आपल्या कानाला थेट सनईची आठवण होते. पियानोवर मॅकॉय टायनर, बासवर स्टीव्ह डेव्हिस, ड्रमवर एल्विन जोन्स.

आता नेमकं काय केलंय ते बघा. कोल्ट्रेन मुखडा वाजवतो आणि पुढच्या ओळीला जात नाही. टायनर दोनच स्वरमेळ (एकत्र वाजणारे स्वर, कॉर्ड) घेऊन झोपाळ्यासारखा पुढेमागे झुलत राहतो. आधी कोमल गंधाराचा झोका, मग शुद्ध गंधाराचा. खाली बास एकाच स्वराला धरून बसलेला. जोन्सचा तीनचा ठेका ऐकताना सहाचा भासायला लागतो आणि पाय नकळत दादऱ्यात पडतो. या झुल्यावर आधी टायनर कितीतरी वेळ वाजवतो, मग कोल्ट्रेन. रॉजर्सचं उरलेलं गाणं जणू बाहेर ताटकळत उभं. कुत्रं चावण्याचा तुकडा येतो तो अगदी शेवटी, एकदाच. आणि तोवर आपण इतके दूर गेलेले असतो की त्यातली समजूत घालण्याची भाषा ऐकूच येत नाही.

नाट्यपद मैफलीत आळवलेलं ज्याने ऐकलंय, त्याला हे नवं वाटणार नाही. ओळ तीच, पण ती आता प्रवेश पुढे सरकवायला बांधलेली नसते. फरक इतकाच, की आपल्याकडे प्रवास बराचसा उलटा झाला. भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयाने १९१६ च्या 'स्वयंवर'ला चाली दिल्या, तेव्हा मैफलीचा माल आधी नाटकात आला आणि मग पुन्हा मैफलीत गेला. कोल्ट्रेनचं हिंदुस्थानी संगीताकडे लक्ष होतंच. १९६१ मध्ये त्याने 'इंडिया' नावाची रचना वाजवली, आणि १९६५ मध्ये जन्मलेल्या मुलाचं नाव रविशंकरांवरून रवी ठेवलं. पण म्हणून इथला बास म्हणजे तानपुराच, असं म्हणायचा मोह आवरलेला बरा. एकाच स्वरमेळावर रेंगाळण्याची सवय त्याला माइल्स डेव्हिसकडेच लागली होती.

तबकडी १९६१ मध्ये आली. मूळ लांबी १३ मिनिटं ४१ सेकंद. रेडिओसाठी ती कापून छोट्या तबकडीच्या दोन बाजूंवर बसवली, आणि एरवी जॅझच्या वाटेला न जाणाऱ्यांनीही ती ऐकली. स्वतः कोल्ट्रेन म्हणायचा, की मी ध्वनिमुद्रित केलेल्यांत हे माझं सर्वांत आवडतं. गीतकार-संगीतकाराचे हक्क अर्थातच रॉजर्स आणि हॅमरस्टाइनकडेच राहिले. त्यात किती दम आहे ते २०१९ मध्ये दिसलं: पॉप गायिका आरियाना ग्रांडेने ही चाल आपल्या गाण्यात वापरली, तर लेखन-हक्कांचा ९० टक्के वाटा त्या दोघांच्या खात्यात गेला.

कोल्ट्रेनने हे गाणं अखेरपर्यंत सोडलं नाही, फक्त ते लांबत गेलं. जुलै १९६६ मध्ये टोकियोत ते जवळपास ५७ मिनिटं चाललं. सुरुवातीला तेव्हाचा बासवादक जिमी गॅरिसन कितीतरी वेळ एकटाच बास वाजवतोय, बाकीचे गप्प. मुखडा कधी येणार याची वाट बघत प्रेक्षक बसलेले.