एकच स्वर, तिचा सा आणि माझा प

ग्वाल्हेरला लश्कर भागात आत्याकडे उतरलो की संध्याकाळी दिवा लागल्यावर भूप राग व्हायचाच. आत्याचा सा काळी चारचा, म्हणजे पेटीवरच्या चौथ्या काळ्या सुराचा, माझा काळी एकचा. खरा तानपुरा गवसणीत असतो, मोबाईलमधला तानपुरा लावून आम्ही गातो आणि गाणारा बदलला की पट्टी, म्हणजे साची उंची, बदलतो. यंदा मी शेजारी स्वर मोजणारं ॲपही सुरू ठेवलं होतं. आत्याने सा लावला, आकडा आला २०८ हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला २०८ कंपनं. नंतर माझ्या पट्टीत मी पंचम, म्हणजे प, लावला, तर पडद्यावर पुन्हा २०८!

हवेतलं कंपन तेच. तिच्या गळ्यात तो षड्ज, म्हणजे सा, होता, माझ्या गळ्यात पंचम. मला यात निसर्गाचं केवढं तरी मोठं रहस्य दिसतं, आणि ते रोज आपल्या घराघरांत घडतं.

मग आम्ही दोघांनी भूपाची एकच बंदिश, म्हणजे रागात बांधलेली रचना, आपापल्या पट्टीत म्हटली. तिचा गंधार, म्हणजे ग, २६० हर्ट्झच्या आसपास, माझा १७३च्या. एकूण एक स्वराचा आकडा वेगळा, तरी ऐकणाऱ्या कुणालाही या दोन बंदिशी वाटल्या नसत्या. ऑस्ट्रियन तत्त्वज्ञ क्रिस्टियान फॉन एरेनफेल्स यांनी १८९० साली हाच प्रश्न मांडला होता. सगळे स्वर बदलूनही चाल तीच राहते, म्हणजे चाल ही नुसती स्वरांची बेरीज नव्हे. कान लक्षात ठेवतो ती स्वरांमधली प्रमाणं. साच्या दोन कंपनांत पंचमाची तीन बसतात, साच्या चारांत गंधाराची पाच. सा कुठेही ठेवा, हे नातं हलत नाही.

मग बंदिश म्हणजे प्रमाणांचा साचा, असं म्हणून टाकावं? आपल्या संगीतात एवढ्यावर भागत नाही. भूप आणि देशकार या रागांत स्वर तेच पाच, सा रे ग प ध, म्हणजे प्रमाणंही तीच. तरी एक संध्याकाळचा आणि एक सकाळचा. भूपात वजन गंधारावर पडतं, देशकारात धैवतावर (ध). कुठे थांबायचं, कुठून वळायचं, कुठला स्वर नुसता स्पर्शून सोडायचा, यावर राग ठरतो.

हे कागदावर उतरवता येईल का? पं. विष्णु नारायण भातखंडे यांनी त्यासाठी आयुष्य वेचलं. १९१८ साली माधवराव शिंद्यांच्या आश्रयाने त्यांनी ग्वाल्हेरला संगीत महाविद्यालय उभं केलं, आणि त्यांच्या स्वरलिपीवर पिढ्या शिकल्या. आत्याच्या वहीतही तेच आहे: कोमल स्वराखाली आडवी रेघ, मंद्र म्हणजे खालच्या सप्तकातल्या स्वराखाली टिंब, समेला, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेला, फुली, खालीला, म्हणजे टाळी न देता हात सोडायच्या मात्रेला, शून्य. पण तिने पेन्सिलीने कडेला बारीक अक्षरांत लिहून ठेवलंय, ‘इथे रेंगाळू नकोस’. स्वरलिपीत त्याला चिन्ह नाही.

अमेरिकन तत्त्वज्ञ नेल्सन गुडमन यांनी १९६८ साली फार कडक भूमिका घेतली. लिहिलेल्या स्वरलेखाबरहुकूम वाजलं तरच ती ती कृती. एक स्वर चुकला तरी ते त्या कृतीचं सादरीकरण नव्हे. आदराने सांगतो, मला हे पटत नाही. हा नियम लावला तर वहीतली बंदिश खयाल गाणाऱ्याने एकदाही गायली नाही असं ठरेल, कारण मुखडा, म्हणजे बंदिशीची सुरुवातीची ओळ, तालाच्या प्रत्येक आवर्तनात थोडा वेगळा येतो आणि तो तसा यावा अशीच रसिकांची अपेक्षा असते. स्टीफन डेव्हिस या तत्त्वज्ञाची मांडणी मला जवळची वाटते. काही कृती दाट असतात, त्यांत बहुतेक सारं रचनाकाराने आधीच ठरवलेलं असतं. काही विरळ असतात, त्यांत थोडं ठरलेलं आणि बाकीचं गाणाऱ्यावर सोपवलेलं. बंदिश विरळ असते. चार ओळी, एक ताल, समेची जागा, रागाचं चलन.

विरळ म्हणजे ढिली मात्र नव्हे. ग्वाल्हेर घराण्यात स्थायी-अंतरा, म्हणजे बंदिशीचे दोन्ही भाग, आधी पुरता मांडायचा आणि मगच विस्ताराला हात घालायचा, ही शिस्त आहे. घर बांधायच्या आधी जोतं दाखवावं तसं. पुढे आलाप, बोलतान, तान काहीही आलं तरी ऐकणाऱ्याला जोतं ठाऊक असतं, म्हणून मुखडा समेवर येताच माना हलतात.

त्या संध्याकाळी मी आलाप करताना धैवतावर जरा जास्त थांबलो. ॲपवरचा काटा अगदी मधोमध, हिरवा. आत्याने हात वर करून थांबवलं.

“अरे, सकाळ झाली की!”

मी पडदा तिच्यासमोर धरला. तिने तो पाहिलाही नाही. डोळे मिटून तिने ग लावला आणि त्यावर इतकी थांबली, की बाहेरच्या रस्त्यावरचे हॉर्न मला स्पष्ट ऐकू यायला लागले. मग हलकेच रे, आणि सा.

“आता तू.”